अबोला, दुरावा की आणखी काही?

घरात भांडण नाही, कोणी आवाज चढवत नाही, डबे वेळेवर भरले जातात, लाइटबिल भरलं का तेवढं विचारलं जातं, पण त्यापलीकडे कोणी कोणाशी बोलत नाही, ह्याला नेमका शब्द काय? लेक म्हणते अबोला. मला पटत नाही.

प्रतिसाद: अबोला नाहीच तो ताई. अबोला 'धरतात' आणि 'सोडतात', म्हणजे तो मुद्दाम केलेला असतो, त्याला कारण असतं आणि ते दोघांनाही माहीत असतं. आम्ही वरळीच्या बीडीडी चाळीत वाढलो, 160 चौरस फुटांची खोली, आईबाबांचा अबोला असला की निरोप आमच्यामार्फत. 'बाबांना विचार, भात वाढू का', आणि बाबा तिथेच हातभर अंतरावर पानावर बसलेले! 'सांग तिला, अर्धी मूद.' आई वाढायची मात्र पूर्ण, वर तुपाची धार. अबोल्यात दोघंही समोरच्याने आधी बोलावं म्हणून अडून बसलेले असतात, तुम्ही सांगताय तिथे कोणाला कोणाची वाटच बघायची नाहीये. दुरावा थोडा जवळ जातो, तो कोणी धरत नाही, आपोआप येतो. पण आधी जवळीक होती हे त्यात गृहीत आहे, आणि बहुतेक वेळा जमीन, लग्न, पैसे असं काहीतरी घडलेलं असतं.

प्रतिसाद: मी कोरडेपणा म्हणेन. मायेला आपण ओलावा म्हणतो ना, मग तो आटला की कोरडेपणाच. कोरडी चौकशी, कोरडं बोलणं, सगळे म्हणतात.

मूळ प्रश्नकर्ती: कोरडेपणा मला टोचतो, त्यात माया नाही असा आरोप येतो. आमचे हे सकाळची डोंबिवली लोकल पकडतात, रात्री येतात तेव्हा अंगात त्राण नसतं, पण मुलगा उशिरा येणार असला की त्याच्यासाठी पोळ्या फडक्यात गुंडाळून डब्यात ठेवलेल्या असतात, त्याला न सांगता. त्याला कोरडं कसं म्हणू? तुटकपणाही नको, तो बोलण्याच्या सुरात असतो. आमच्या शेजारणी 'कामापुरतं बोलणं आहे' म्हणतात, तेच मला सगळ्यात खरं वाटतं, त्यात कोणाला दोष नाही. पण ते वाक्य झालं, मला एक शब्द हवाय. तुमच्या कोकणात, खानदेशात काही वेगळं म्हणतात का?