सातबाऱ्यावर बोजा असताना रजिस्ट्री करावी का?

काळीमाती
अंबाजोगाई तालुक्यात 2 एकर जिरायत, सौदा 22 लाखांचा, सौदाचिठ्ठी झाली आहे. सातबाऱ्याच्या इतर हक्क रकान्यात गावच्या सेवा सहकारी सोसायटीचा 90 हजार आणि बँकेचा विहीर-पाइपलाइनचा 4 लाखांचा बोजा (कर्जाची नोंद) आहे. मालक म्हणतात, "रजिस्ट्री करून घ्या, तुमच्याच पैशातून आठ दिवसांत बोजा उतरवतो." दस्तलेखक म्हणतो, दस्त नोंदला जाईल. मग अडचण कुठे आहे?

फेरफारवही
दस्त नोंदला जाणं वेगळं आणि जमीन मोकळी मिळणं वेगळं. दुय्यम निबंधक तुमच्यासाठी मालकीचा निवाडा करत नाही. बँकेचा बोजा जमिनीला चिकटून तुमच्याकडे येतो, हप्ते थकले तर वसुलीही तिच्यावरच. सोसायटीचं प्रकरण त्याहून नाजूक. सहकारी संस्था अधिनियम 1960 च्या कलम 48 प्रमाणे कर्ज व्याजासकट फिटेपर्यंत ती जमीन विकता येत नाही, विकली तर व्यवहारच रद्दबातल. म्हणून तुमच्या प्रकरणात 90 हजारांचा बोजा 4 लाखांपेक्षा जड आहे.

सातबाऱ्यावरचा आकडा मंजूर कर्जाचा असतो, आजच्या थकबाकीचा नाही. दोन्हीकडून ठरावीक तारखेपर्यंतच्या येणे रकमेचं लेखी पत्र घ्या, त्यात रोजचं व्याजही लिहून घ्या. सौदाचिठ्ठीच्या जागी नोंदणीकृत साठेखत (पुढे खरेदी करण्याचा करार) करा, कारण कर्ज तुम्ही फेडलं आणि मालक फिरला तर हातात काहीतरी हवं. साठेखतात ताबा दिल्याचं लिहू नका, नाहीतर खरेदीखताइतकं मुद्रांक शुल्क तिथेच लागतं. रक्कम मालकाच्या हातात न देता आरटीजीएसने थेट कर्जखात्यात भरा आणि तो व्यवहार क्रमांक खरेदीखतातल्या भरणा तपशिलात लिहा. मग बेबाकी (कर्ज फिटल्याचा दाखला), ई-हक्क या सरकारी संकेतस्थळावरून बोजा कमी करण्याचा अर्ज, तलाठ्याने फेर ओढणं (फेरफार नोंद घेणं), मंडळ अधिकाऱ्याची मंजुरी. नवा डिजिटल सहीचा सातबारा हातात आल्यावरच रजिस्ट्रीची तारीख घ्या.

काळीमाती
बेबाकी मिळाली की बँकेचं काम संपलं ना?

दस्तवाचक
नेहमीच नाही. गहाणखत नोंदणीकृत असेल तर निबंधक कार्यालयाच्या सूची-2 मधली (नोंदलेल्या दस्तांच्या यादीतली) नोंद बेबाकीने पुसली जात नाही, बँकेकडून गहाण सोडल्याचा दस्त वेगळा नोंदवावा लागतो. मूळ कागद ठेवून कर्ज असेल तर त्याची सूचनाही निबंधकाकडे असते, शोध घेताना तीही पाहा. एकाच कर्जाला मालकाचे तीन गट तारण असले तर एका गटापुरते पैसे घेऊन बँक सहसा सोडत नाही. हे आधीच विचारा, इथे फार सौदे अडकतात.

बँकेच्या बोजासकट घ्यायचंच ठरलं तर किंमत 18 लाख दाखवून मुद्रांक वाचत नाही. न फिटलेलं गहाण मोबदल्यातच धरलं जातं, शिवाय शुल्क बाजारमूल्य किंवा मोबदला यांपैकी जास्त असेल त्यावर. नोंदणी फी 1 टक्का, कमाल 30,000. आणि दस्तलेखकाच्या साच्यातलं "मिळकत निर्वेध व निजोखमी आहे" हे वाक्य आधी काढा! सोबत जोडलेला सातबारा उलटं सांगत असतो आणि पुढे तुमचाच वकील अडचणीत येतो.

गोदाकाठ
पैशाचा बोजा फिटतो, पण आपल्याकडे मराठवाड्यात न फिटणारेही असतात. हैदराबाद कुळकायदा 1950 खाली मिळालेली जमीन असेल तर कलम 50-ब लागू होतं. कुळाच्या खरेदीपासून 10 वर्षं उलटली असतील तर आकाराच्या (शेतसाऱ्याच्या) 40 पट रक्कम भरून विकता येते, भरल्याचं चलन मागा. खिदमतमाश (धार्मिक सेवेसाठी दिलेली इनाम जमीन) लिहिलेलं दिसलं तर इसारही देऊ नका. हे सगळं नव्या सातबाऱ्यावर दिसेलच असं नाही, म्हणून तहसीलच्या अभिलेखातून खासरा पत्रक (जमिनीची जुनी नोंद) आणि सुरुवातीपासूनचे फेर काढा. निजामकाळातले कागद उर्दूत असतील तर वाचून घेणारा माणूस शोधा.

दावा चालू आहे का तेही ई-कोर्ट्सवर मालकाच्या आणि त्याच्या भावंडांच्या नावाने पाहा. स्थगिती नसेल तर दस्त नोंदला जातो, पण मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 52 प्रमाणे त्या दाव्याचा निकाल जमीन घेणाऱ्यावरही बंधनकारक असतो. वाटणीचा दावा असेल तर 2 एकरांतले किती गुंठे हाती राहतील ते निकालानंतरच कळेल.