गाडीच्या 'ड्रिफ्ट'ला मराठीत काय म्हणायचं?

जांभाचिरा: भाच्याने (नववीत आहे, देवरुखला) शाळेच्या हस्तलिखितासाठी दोन पानं लिहिलीत, ब्राउझरवरच्या ड्रिफ्टिंगच्या (वळणावर गाडी मुद्दाम तिरकी सरकवायच्या) गेम्सवर. सरांनी प्रत्येक 'ड्रिफ्ट' खोडून वर लाल पेनाने 'वाहून जाणे' केलंय, अकरा ठिकाणी. पोरगं रडकुंडीला आलंय. म्हणतं, मामा मी मुद्दाम हँडब्रेक ओढतो आणि सर म्हणतात मी वाहून गेलो. सोमवारी द्यायचंय, सुचवा काहीतरी.

वशिष्ठीकाठ: वाहून जाणं काय असतं ते चिपळूणकराला विचारा. २२ जुलै २०२१ च्या पुरात आमच्या गल्लीतून गाड्या गेल्या, त्या वाहून गेल्या. आत स्टिअरिंगला कोणी नव्हतं.

शुद्धमती: 'पार्श्वसरण' सुचवते. 'महापौर', 'दिनांक' सावरकरांनी दिले, आज कोणाला खटकतात? १९२४ ते १९३७ ते रत्नागिरीत स्थानबद्ध होते, त्याच जिल्ह्यातल्या पोराने 'ड्रिफ्ट' लिहावं?

रिव्हर्सगिअर: पार्श्वसरण वाचून पोरं घसरगुंडीवर बसलीत असं वाटतं हो ताई. आणि हा प्रकार ज्यांनी घाटरस्त्यांवर नावारूपाला आणला ते जपानी लोकसुद्धा 'दोरिफुतो'च म्हणतात, इंग्रजीच शब्द, फक्त त्यांच्या जिभेने. त्यांची भाषा नाही बुडाली.

मालवणातलो: आमच्याकडे निसारणा म्हणतत. पावसात जांभ्यार शेवाळ धरता, पाय निसारलो की थेट कंबर.

जांभाचिरा: पण निसरणं काय, घसरणं काय, चुकून होतं ना! इथे मागच्या चाकांची पकड मुद्दाम सोडवायची, गाडी डावीकडे वळत असताना स्टिअरिंग उजवीकडे मारायचं आणि तिरकी धरून ठेवायची. जितका वेळ धराल तितके पॉइंट, कठड्याला लागलं की सगळे गेले. म्हणून मला 'घसरवणे' बरं वाटतंय. गाडी घसरली वेगळं, गाडी घसरवली वेगळं.

शुद्धमती: 'घसरवणे' कानाला बरं नाही लागत. आणि मुळात असले खेळ मुलांनी खेळावेतच का?

रिव्हर्सगिअर: हे आलंच. शाळेच्या लॅबमध्ये आम्ही हेच खेळायचो, डाउनलोड नाही, पासवर्ड नाही, सर आले की टॅब बंद. २०२० च्या ३१ डिसेंबरला फ्लॅश (हे गेम ज्यावर चालायचे ते सॉफ्टवेअर) बंद झालं तेव्हा वाटलं संपलं, पण असे गेम आता फ्लॅशशिवाय ब्राउझरमध्येच चालतात. लेव्हल नाही, गोष्ट नाही, एक वळण पुन्हा पुन्हा मारत बसायचं. कॅरम का खेळतात लोक शंभर वर्षं?

वशिष्ठीकाठ: आमचे वडील एसटीत ड्रायव्हर होते, कुंभार्ली घाटात पावसाळ्यात मागचं टायर सुटलं की म्हणायचे 'गाडीने शेपूट टाकली'. हा शब्द घ्या की.

मालवणातलो: शेपूट टाकता ती पाल. कुंभार्ली काय घेऊन बसलास, करूळ घाटात ये एकदा.

वशिष्ठीकाठ: करूळात वळणं तरी आहेत का मोजायला?

जांभाचिरा: अरे सोमवार!!

शुद्धमती: एक विचारू? आमच्याकडे जुना कॉम्प्युटर आहे, त्यावर चालेल का हे?

जांभाचिरा: चालेल ताई. स्पेसबार म्हणजे हँडब्रेक, पण वळणाच्या आधी वेग कमी करा, नाहीतर पहिल्याच कठड्याला. मी काल रात्रीपासून त्याच कठड्याशी आहे.