मदत हवी आहे: बार्सिलोनात तापास-वाइन टूर, सोबत शाकाहारी आई

नमस्कार मंडळी,

सप्टेंबरमध्ये बार्सिलोनाला जातोय. बार्सेलोनेटा या समुद्राकाठच्या जुन्या कोळीवस्तीत संध्याकाळची गाईडसोबतची तापास (छोट्या प्लेटमधले स्पॅनिश पदार्थ) आणि वाइनची टूर करायची खूप इच्छा आहे. मी आणि नवरा सगळं खातो, वाइनही घेतो. बाबा मासे खातात, मटण-चिकन नाही. आई शुद्ध शाकाहारी, अंडंही नाही. शिवाय तिचे गुडघे दुखतात, त्यामुळे तासन्‌तास उभं राहणं जमणार नाही.

एका टूरवाल्यांना मेल केला होता. 'शाकाहारी चालेल' म्हणाले, पण पाठवलेल्या यादीत अँकोव्ही (छोटे मासे) आणि टोर्तिया (अंडं-बटाट्याचं स्पॅनिश ऑम्लेट)! तिथला प्रसिद्ध बोंबा दिसायला आपल्या बटाटावड्यासारखा, पण आत मांस असतं. म्हणजे बाबांनाही नाही. पाद्रोन मिरच्या (छोट्या हिरव्या मिरच्या), टोमॅटो चोळलेला पाव, एस्कालिवादा (भाजलेली वांगी-सिमला मिरची), ऑलिव्ह एवढ्यावर आई आनंदाने जेवेल. पातातास ब्रावासही (तिखट सॉससोबतचे तळलेले बटाटे) आवडतील, पण ते मासे तळलेल्याच तेलात तळत असतील तर नको.

आईला हॉटेलवर ठेवून जायचं नाही, हे नक्की. खासगी टूरचा खर्च चौघांना मिळून परवडेल, पण तेवढा फायदा व्हायला हवा. स्वतःच फिरायचं तर स्पॅनिश येत नाही आणि तिथे रात्रीचं जेवण नऊच्या पुढे. आईबाबांना औषधांमुळे आठपर्यंत खावं लागतं.

शाकाहारी माणसाला घेऊन तिथे कुणी गेलंय का? बसायला जागा आणि तळणीचं तेल याची खात्री गाईड आधी करून देतात का, की दुपारी आपणच जाणं बरं?