व्हेल रायडरमधला आजोबा खरंच माओरी आहे का?

अर्धाकप_चहा:
काल लेकीबरोबर व्हेल रायडर बघितला, 2002 चा न्यूझीलंडचा पिक्चर, बऱ्याच जणांनी कधीच बघून झाला असेल मीच उशिरा. त्यात नात विचारते की आपला मूळपुरुष पाइकेआ व्हेलवर बसून आला तो आला कुठून, तर आजोबा बोटीच्या इंजिनाचा दोर दाखवतो, बघ किती पीळ आहेत, हे सगळे आपले पूर्वज एकमेकांत वळलेले. आणि तोच दोर ओढायला जातो तर तटकन तुटतो 😄 तो दुसरा आणायला जातो तेवढ्यात पोरगी तुटलेल्याला गाठ मारून इंजिन चालू करते, आणि म्हातारा शाबासकी राहिली बाजूला, वर खेकसतो की परत असं करायचं नाही. आमचे अण्णा डिट्टो. तर तो नट खरंच माओरी, म्हणजे तिथला मूळ रहिवासीच आहे का नुसता दिसतो तसा म्हणून घेतलाय? आणि तिथल्या लोकांना पिक्चर पटला का?

ऑकलंडचा_पाव्हणा:
माओरीच आहे हो, रावीरी पाराटेने. पण गोष्ट आहे पूर्व किनाऱ्यावरच्या न्गाती पोरोउ लोकांची आणि हा पार उत्तरेचा, होकिआंगाकडचा, न्गापुही जमातीचा. आपल्याला सगळे माओरी एकच वाटतात पण इथे जमात कुठली हे आधी विचारतात, मग नाव.
आणि हा नुसता नट नाही. 1972 मध्ये शाळांत माओरी शिकवा म्हणून 30 हजारांवर सह्यांचा अर्ज संसदेत दिला होता त्या पोरांच्या चळवळीत हा होता, विशीचा पण नव्हता तेव्हा. त्याच्या आधीच्या पिढीने शाळेत माओरी बोललं म्हणून मार खाल्लाय. भाषेला सरकारी दर्जा मिळाला तो 1987 ला. आता हे माहीत असताना तो मुलांना ताइआहा (ते लांब काठीसारखं लाकडी शस्त्र) शिकवतो ते सीन परत बघा, तो ओरडतो ते उगाच नाही वाटत मग. 2012 ला लंडनच्या ग्लोब थिएटरमध्ये शेक्सपिअरचं नाटक अख्खं माओरीत झालं त्यातही होता.

बंदरावरची_सुरमई:
आम्ही कोळी. मराठी पिक्चरमध्ये आम्ही म्हणजे टोपली, रुमाल आणि ठेका, एवढंच. बोली पण कुठली तरी मिक्स. म्हणून विचारते, तिथे गावातली माणसं घेतली होती का?

ऑकलंडचा_पाव्हणा:
ताई हो, शूटिंग फांगारा गावातच झालंय आणि गर्दीत गावातलीच माणसं आहेत. सभाघराच्या शेंड्यावर व्हेलवर बसलेला पाइकेआ दिसतो ना, तो सेट नाही, गावाचा खराच आहे. नात झालेली कीशा कॅसल-ह्यूज पण माओरी, आईकडून, तेराव्या वर्षी ऑस्करचं नॉमिनेशन मिळालं तिला.

मत_मांडतोच:
जरा मिठाचा खडा टाकतो. दिग्दर्शिका निकी कॅरो गोरी आहे, त्यावर तिकडे बरीच चर्चा झाली होती, जरी पिक्चर ज्यावरून काढला ती कादंबरी त्याच भागातल्या माओरी लेखकाची असली तरी. पण मला त्यापेक्षा दुसरी गोष्ट खटकते, पिक्चर बघून वाटतं की यांच्यात बायकांना काही स्थानच नाही, पोरीला पुढच्या बाकावरून उठवतात वगैरे, आणि नेमक्या न्गाती पोरोउमध्येच बायकांना मराएवर (सभेचं आवार) उभं राहून बोलायचा मान आहे, बाकी बऱ्याच जमातींत नाही. त्यांची कितीतरी सभाघरं बायकांच्या नावाने आहेत!! म्हणजे नट अस्सल, गाव अस्सल, भाषा अस्सल, आणि जगभर गेलं ते भलतंच.

अर्धाकप_चहा:
अरे बापरे हे माहीतच नव्हतं. मी तर लेकीला रात्री सांगून बसले की बघ तिकडे पण असंच असतं. आज परत सांगायला लागेल. ती म्हणाली होती, आई पण आपल्याकडे तर पुढचा बाक पण नसतो, लग्नात सगळे मागेच बसतात पंख्याखाली.