साष्टी नेमकी कोणत्या तहाने गेली? ठाण्याच्या फलकासाठी मदत हवी

नौपाडा वाचनकट्टा
नमस्कार मंडळी. ठाण्याच्या किल्ल्याबद्दल (आज तिथे मध्यवर्ती कारागृह आहे) वाचनकट्ट्यात एक फलक लावायचा आहे. मजकूर साठेक शब्दांचा. मसुद्यात सध्या "१७८२ च्या सालबाईच्या तहाने इंग्रजांनी ठाणे घेतले" असं वाक्य आहे. पण किल्ला तर १७७४ मध्येच पडला होता ना? शिवाय मधे सुरत, पुरंदर, वडगाव असे तीन तह आहेत. मग साष्टी (ठाणे ज्यावर आहे ते बेट) कागदोपत्री कधी गेली, आणि सालबाईची तारीख कोणती लिहायची?

खाडीकाठ
वाक्य चुकीचंच आहे, बदला. किल्ला लढून घेतला, तो डिसेंबर १७७४ च्या अखेरीस. गोव्याहून पोर्तुगीज आरमार साष्टी-वसई परत घ्यायला येतंय अशी बातमी होती, त्याआधी आपण हात मारू असा मुंबईकर इंग्रजांचा हिशेब. जमिनीवर जनरल गॉर्डन, पाण्यात कमोडोर वॉटसन. वॉटसन या वेढ्यात जखमी होऊन मेला.

कागद नंतर आले. मार्च १७७५ मध्ये सुरतेला राघोबादादांनी साष्टी आणि वसई लिहून दिली, बदल्यात इंग्रजी फौज. पण राघोबा तेव्हा पुण्याच्या गादीचे धनी नव्हते. जे आपल्या ताब्यात नाही ते त्यांनी देऊ केलं. आणि मुंबईलाही तो तह करायचा अधिकार नव्हता, कारण १७७३ च्या रेग्युलेटिंग ॲक्टनं मुंबई-मद्रासच्या युद्ध-तहांवर कलकत्त्याची, म्हणजे तिथल्या गव्हर्नर-जनरलची, मंजुरी बंधनकारक केली होती. कलकत्त्यानं हात वर केले, कर्नल अप्टनला पुण्याकडे पाठवलं आणि १ मार्च १७७६ ला पुरंदरचा तह झाला. त्यात सुरतेचा तह रद्द, राघोबाला पेन्शन, इंग्रजांना लढाईखर्चाचे १२ लाख, आणि साष्टी मात्र इंग्रजांकडेच. म्हणजे साष्टी पुरंदरला गेली असं माझं मत.

मोडीवाचक
खाडीकाठ दादा, पुरंदरपर्यंत सगळं मान्य, पण तिथे थांबता येणार नाही. पुरंदरचा तह मुंबईनं पाळलाच नाही, राघोबाला आसरा दिला. पुढे लंडनच्या संचालकांनी सुरतेच्या तहाला पसंती कळवली, त्यामुळे मुंबईला आणखी जोर चढला. मग फौज पुण्यावर निघाली आणि जानेवारी १७७९ मध्ये वडगावला अडकली.

वडगावची बोलणी बारकाईनं वाचण्यासारखी आहेत. इंग्रज समितीनं आधी सांगितलं की कलकत्त्याच्या परवानगीशिवाय तह करायची मुखत्यारी आमच्याकडे नाही. तरी रसद तुटलेली, परतीची वाट बंद, म्हणून शेवटी सह्या केल्या. १७७३ नंतर घेतलेला सगळा मुलूख परत, म्हणजे त्यात साष्टी आणि ठाणेही आलं! हमी म्हणून फार्मर आणि लेफ्टनंट स्ट्युअर्ट हे दोघे ओलीस ठेवले. फौज सुटून मुंबईला पोचली आणि गव्हर्नर हॉर्नबीनं तह नाकारला. कारण तेच, सही करणाऱ्यांना अधिकार नव्हता. मुखत्यारी नाही असं समोरचा स्वतः सांगत असताना मराठ्यांनी सही घेतली, ही तिथली खरी चूक. ओलीस दोन माणसं होती, तीही महादजी शिंद्यांनी पुढे सोडून दिली. ताब्यात किल्ला घेतल्याशिवाय फौज सोडायला नको होती.

म्हणून १७७९ मध्ये कागदावर साष्टी मराठ्यांची आणि प्रत्यक्षात इंग्रजांची. हा घोळ सालबाईनं मिटवला.

उरणकर
सालबाईबद्दल थोडं. ग्वाल्हेरच्या दक्षिणेला ही जागा. १७८० मध्ये ग्वाल्हेरचा किल्ला इंग्रजांनी घेतला, वर्षअखेरीला वसईही पडली. ऑक्टोबर १७८१ मध्ये महादजींनी कर्नल म्यूरबरोबर वेगळा समेट केला आणि तिथून ते मध्यस्थ झाले. इंग्रजांकडून डेव्हिड अँडरसन, त्यांना गव्हर्नर-जनरल हेस्टिंग्जची पूर्ण मुखत्यारी. महादजी एकाच वेळी पेशव्यांचे मुखत्यार आणि दोन्ही बाजूंचे जामीन. वडगावात जे राहून गेलं ते इथे भरून काढलं.

तहाला १७ कलमं. पुरंदरनंतर जिंकलेलं, वसई धरून, इंग्रजांनी परत द्यायचं. साष्टी आणि बंदरातली तीन बेटं कायमची इंग्रजांची. ती तीन म्हणजे घारापुरी, करंजा आणि हॉग आयलंड. करंजा म्हणजे आमचं उरण, तेव्हा नवी मुंबईकरांनीही हा तह आपला समजावा. राघोबाला महिना २५,००० रुपये, आणि कुठे राहायचं ते ठरवायला चार महिने. वडगावला महादजींनी इंग्रजांना बरं वागवलं म्हणून भरूच त्यांच्याकडे गेलं.

मोडीवाचक
आता तारखेचं. सही १७ मे १७८२, हिजरी ११९६ ची ४ जमादिलाखर. मराठी कागदांत महिने चांद्र आणि साल बहुधा सुहूर (मे-जूनच्या सुमारास बदलणारं) असतं, त्यामुळे तारीख बदलताना वर्ष चुकतं. रूपांतर करताना वारही जुळवून बघा.

पण सही म्हणजे तह पुरा झाला असं नाही. हेस्टिंग्जनं जूनमध्ये मंजुरी दिली, नाना फडणवीसांनी मात्र थांबवून धरली. हैदरअली इंग्रजांशी लढत होता आणि तहात हैदरनं अर्काटचा मुलूख सोडावा असं कलम होतं. हैदर जिवंत आहे तोवर नानांच्या हातात वजन होतं. ७ डिसेंबर १७८२ ला हैदर गेला, ते वजन संपलं, आणि मंजुरीपत्रांची देवघेव फेब्रुवारी १७८३ मध्ये पुरी झाली. हा फरक नुसता कागदी नाही. मुलूख परत करायची दोन महिन्यांची मुदत तह पुरा झाल्यापासून मोजायची होती, सहीपासून नाही.

नौपाडा वाचनकट्टा
सगळ्यांचे मनापासून आभार. नवा मजकूर असा केलाय, बघा:

"डिसेंबर १७७४ मध्ये इंग्रजांनी हा किल्ला मराठ्यांकडून लढून घेतला. १७७६ च्या पुरंदरच्या तहात साष्टी त्यांच्याकडे राहिली. १७७९ मध्ये वडगावला ती परत देण्याचे ठरले, पण मुंबईने तो तह नाकारला. १७ मे १७८२ रोजी सालबाई येथे सही झालेल्या आणि फेब्रुवारी १७८३ मध्ये पूर्ण झालेल्या तहाने साष्टी कायमची इंग्रजांकडे गेली."

खाडीकाठ
माझं पुरंदरचं मत मागे घेतो, "कायमची" हा शब्द सालबाईलाच शोभतो. एकच सुचवतो, "साष्टी" पुढे "(ठाणे धरून)" घाला. शाळेतली मुलं साष्टी आणि ठाणे ही दोन वेगळी ठिकाणं समजतात.