मदत हवी आहे: वाद्यांच्या कारखान्यात आर अँड डी विभाग कसा बसवायचा?

खर्जातला
नमस्कार मंडळी. आमच्या कारखान्यात आर अँड डी वेगळा काढायचं ठरलंय आणि ते लचांड माझ्या गळ्यात आलंय. माणसं चार. कोण कुणाच्या हाताखाली, बजेट किती, सगळं १५ तारखेपर्यंत मालकांना कागदावर द्यायचंय. दीड वर्षात एकही नवं मॉडेल बाहेर पडलेलं नाही. कुणी असा विभाग उभा केलाय का? गूगल करून झालंय, तसले सल्ले नकोत.

नारळीपाक
कारखाना कसला? बासऱ्यांचा की स्पीकरचा? अख्ख्या धाग्यात वाद्याचं नाव नाही राव.

खर्जातला
इलेक्ट्रॉनिक तानपुरा, तबला मशीन, छोटे अँप. लिहिलंय असं वाटलं मला.

फाइलबहाद्दर
आधी डीएसआयआरची, म्हणजे केंद्राच्या औद्योगिक संशोधन खात्याची मान्यता घ्या. खर्चावर आयकरात दुप्पट वजावट मिळते. आमच्या व्हॉल्व्हच्या कंपनीत मीच केली होती सगळी फाइल.

ताळेबंद
कोणत्या साली केली होती फाइल? १९६१ च्या आयकर कायद्यातल्या कलम ३५(२एबी) खाली वजावटीचे २०० टक्के होते ते २०१७-१८ पासून १५० झाले आणि २०२०-२१ पासून १००. कंपनीनं कलम ११५बीएएचा कमी कराचा दर घेतला असेल तर तेही नाही. उगाच लोकांना खर्चात पाडू नका.

फाइलबहाद्दर
वजावट गेली तरी मान्यतेच्या पत्राची छाप पडते, साहेब.

ताळेबंद
छाप पडून तानपुरा वाजतो का?

सिंथवेडा
यामाहाकडून शिका. एफएमचं, म्हणजे इलेक्ट्रॉनिक आवाज घडवायचं तंत्र स्टॅनफर्डमध्ये जॉन चाउनिंगना १९६७ मध्ये सापडलं. यामाहानं हक्क घेतले आणि डीएक्स७ सिंथेसायझर बाजारात आला १९८३ साली. याला म्हणतात संशोधन. तुम्ही दीड वर्षात रडताय.

नारळीपाक
यामाहाचे पियानो आणि ऑर्गन तोवर विकले जात होते हो. या चार माणसांचा सोळा वर्षं पगार तुम्ही देणार का?

सावनी_ठाणे
बाकीचं राहू दे. ही चार माणसं दिवसभर नेमकं काय करतात? एका आठवड्याचं खरंखुरं लिहा.

खर्जातला
दोघं इलेक्ट्रॉनिक्सवाले, एक सॉफ्टवेअरचा मुलगा, आणि अण्णा. अण्णा मूळचे मिरजेचे, जवारी काढण्यात, म्हणजे तानपुऱ्याच्या तारेला झंकार आणण्यात हयात गेली. इलेक्ट्रॉनिक्सवाले दोघंही दुरुस्तीला परत आलेल्या मशिनींवर बसतात. नोव्हेंबर-डिसेंबरात, मैफलींच्या दिवसांत, तर विचारूच नका. मुलगा आलेख दाखवून म्हणतो आवाज जुळला. अण्णा ऐकतात आणि म्हणतात, "जवारी बोलत नाही." की परत पहिल्यापासून. सहा वेळा झालंय.

सावनी_ठाणे
अहो, मग हे पहिल्या पोस्टमध्ये का नाही लिहिलंत! विभाग कसला बसवताय, आधी दुरुस्ती बाजूला काढा. दोघांपैकी एकच जण तिथे, आळीपाळीनं, आठ-आठ दिवस. दुसऱ्याला हाक मारायची नाही, मालकांनीसुद्धा.

घोडीवरचं_सूत
आलेख कुठल्या क्षणाचा काढताय? तानपुऱ्याची घोडी, म्हणजे तारा टेकतात ती पट्टी, वरून किंचित बाकदार असते, त्यात तारेखाली सूत. तार सुटली की घोडीला निसटता स्पर्श करत राहते आणि वरचे हार्मोनिक, म्हणजे मूळ सुरातले बारीक वरचे सूर, एकामागून एक उमटत जातात. एका क्षणाचं चित्र जुळलं तरी हा चढ-उतार जुळेलच असं नाही. शास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांनी या घोडीवर १९२१ मध्येच लिहिलंय. अण्णा बहुधा तो चढच ऐकत असणार.
एक करून बघा. खरा तानपुरा घ्या, अण्णांना सूत केसभर सरकवायला सांगा, प्रत्येक जागेचं रेकॉर्डिंग करा आणि ते म्हणतील तो शब्द त्यावर लिहा: खुली, गोल, बंद. मुलानं मशीन त्या रेकॉर्डिंगशी जुळवायचं. मग आवाज कुठला ते न सांगता अण्णांना ऐकवायचा.

मिरजेचा_मुलूख
मुळात मशीन हवंच कशाला? मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्याला २०२४ मध्ये जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं, आणि तुम्ही त्याच मिरजेच्या माणसाला डबा पास करायला बसवलंय.

नारळीपाक
लोकलमध्ये भोपळा घेऊन चढून बघा एकदा.

पेटीमास्तर
अवांतर: आकाशवाणीनं १९४० मध्ये पेटीवर बंदी घातली, ती १९७१ ला काही अंशी उठली. मशीनच्या तानपुऱ्यालाही लोक असंच नाक मुरडत होते, आज रियाजाला घरोघरी तोच आहे.

खर्जातला
सूत सरकवायचं उद्याच करतो. पण अण्णांना रचनेत कुठे दाखवू? मस्टरवर ते रोजंदारीत आहेत.

सावनी_ठाणे
"मॉडेल पास" या रकान्यात सही त्यांची. आणि रोजंदारीतून काढा त्यांना, ते त्याच कागदावर लिहा.

फाइलबहाद्दर
ते आजारी पडले तर? प्रोसेस माणसावर अवलंबून नको.

घोडीवरचं_सूत
म्हणून तर रेकॉर्डिंग. सहीचा अधिकार मात्र त्यांचाच.

खर्जातला
रोजंदारीवरून मालक तडकणार. १५ तारखेनंतर कळवतो.

केतकी_व्ही
पावसाळ्यात तानपुऱ्याच्या भोपळ्याला भुंगा लागू नये म्हणून काय करता? कापूर ठेवून झालाय.