कोल्हापूर, वाडी, खिद्रापूर एका दिवसात गाईडवाल्या ग्रुप टूरने करावं का?

पिंपळपान
नमस्कार मंडळी, दिवाळीनंतर नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात आई आणि सासूबाईंना घेऊन कोल्हापूरला जायचं ठरलंय, महालक्ष्मी एक्सप्रेसची तिकिटं पण काढून झाली. मुक्काम दोन रात्री आहे आणि मधला जो अख्खा दिवस मिळतोय त्यात एक ग्रुप टूर घ्यायचा विचार आहे, म्हणजे सकाळी हॉटेलवरून पिकअप, टेम्पो ट्रॅव्हलर, सोबत गाईड आणि रात्री परत हॉटेलवर. टूरवाल्यांनी व्हॉट्सॲपवर जे पत्रक पाठवलंय त्यात अंबाबाई, जोतिबा, पन्हाळा, कणेरी मठ, नरसोबाची वाडी, खिद्रापूर आणि शेवटी रंकाळा अशी सात ठिकाणं लिहिलीत. आईचे गुडघे दुखतात, पायऱ्या हळूहळू उतरते पण उतरते. सासूबाई दत्तभक्त, त्यांना वाडी हवीच हवी. आणि मला खिद्रापूरचं देऊळ बघायचंय, नुसतं फोटो काढून यायचं नाहीये, ते कोणी बांधलं, कशावर काय कोरलंय हे कोणीतरी शेजारी उभं राहून सांगावं असं फार वाटतं. वेगळी गाडी केली तर मोकळीक मिळेल पण माहिती सांगणारं कोणी नसेल. तिकडचे कोणी असाल किंवा अशी टूर केली असेल तर प्लीज सांगा.

कृष्णाकाठ
ताई, मी शिरोळ तालुक्यातला. एकदम स्पष्ट सांगतो, हे सात ठिकाणांचं पत्रक घेऊ नका. नकाशा उघडून बघा म्हणजे लक्षात येईल. जोतिबा आणि पन्हाळा शहराच्या वायव्येला वीसेक किमीवर, वाडी आणि खिद्रापूर बरोब्बर उलट्या दिशेला पूर्वेकडे, खिद्रापूर तर ६० किमीच्या आसपास, आणि कणेरी खाली दक्षिणेला हायवेकडे. म्हणजे तुम्ही सकाळी डोंगर चढणार, उतरून परत शहरातून पास होणार, मग कृष्णेकाठी जाणार आणि अंधार पडायच्या आत परत. दिवसातला निम्मा वेळ गाडीत जातो आणि मग प्रत्येक ठिकाणी ड्रायव्हर हॉर्न वाजवून बोलावतो. खिद्रापूरला अशा गाड्या येताना आम्ही बघतो ना, लोक देवळाच्या वरून उघड्या स्वर्गमंडपात जातात, वर बघतात, सेल्फी काढतात, वीस मिनिटात बाहेर. गर्भगृहात दोन लिंगं आहेत हे पण कित्येकांना कळत नाही. वाईट वाटतं.

तुम्ही पूर्वेकडचा एकच पट्टा धरा. सकाळी लवकर वाडी, मग कुरुंदवाडवरून खिद्रापूर, संध्याकाळी शहरात. सासूबाईंना सांगा की वाडीत मूर्ती नाही, पादुका आहेत, दत्तावतारी नृसिंहसरस्वतींचा तिथे बारा वर्षं मुक्काम होता आणि पंचगंगा कृष्णेला मिळते तिथेच खाली घाटावर देऊळ आहे. पावसाळ्यात नदी देवळात शिरते, पाणी पादुकांवरून जाऊन दक्षिणेच्या दारातून बाहेर पडतं त्याला दक्षिणद्वार म्हणतात, त्या पाण्यात स्नान करायला माणसं रात्री-अपरात्री धावत येतात. नोव्हेंबरात पाणी घाटाखाली असतं त्यामुळे दर्शन निवांत होतं, फक्त गुरुवार आणि पौर्णिमा टाळा. दुपारचा महाप्रसाद घ्या, वेगळं हॉटेल शोधत बसू नका. आणि निघताना कवठाची बर्फी घ्या, पेढे सगळीकडे मिळतात, ही नाही मिळत.

दगडफूल
कृष्णाकाठ यांच्याशी शंभर टक्के सहमत. मी देवळं बघायला म्हणूनच फिरते त्यामुळे फक्त खिद्रापूरबद्दल लिहिते, जरा लांबेल.

पिंपळपान, गाईड हवा हे तुमचं म्हणणं अगदी बरोबर आहे, खिद्रापूरचं कोपेश्वर हे असं देऊळ आहे की सांगणारं कोणी नसेल तर डोळ्यासमोर असून दिसत नाही. पण टूरबरोबर गाईड आहे एवढ्यावर विश्वास ठेवू नका. बऱ्याच गाड्यांत जो गाईड म्हणून असतो तो गाडीत माईकवर दोन गोष्टी सांगतो आणि देवळापाशी पोचलं की "एवढ्या वाजता परत या" म्हणून चहाला जातो. बुकिंग करायच्या आधी फोनवर सरळ विचारा की गाईड देवळाच्या आत आमच्याबरोबर चालणार का आणि खिद्रापूरला किती वेळ थांबणार. दीड तासाच्या खाली बोलले तर सोडून द्या. तिथे गावात माहिती सांगणारी माणसं भेटतात, त्यांना मानधन देऊन सोबत घेतलं तरी छान होतं, त्यांना कुठल्या खांबावर काय आहे ते पाठ असतं.

आता बघायचं काय. आधी आत जाऊच नका, बाहेरून एक पूर्ण फेरी मारा. देवळाच्या खालच्या थराला हत्तींची रांग आहे, अख्खं देऊळ त्यांच्या पाठीवर ठेवल्यासारखं, आणि हत्तींवर देवता बसलेल्या. बऱ्याच सोंडा तुटल्यात, तरी एकेका हत्तीची झूल, घंटा, दागिने वेगळे कोरलेत ते सावकाश बघा. मग दक्षिणेच्या दाराशी यादव राजा सिंघणाचा शिलालेख आहे तेराव्या शतकातला, देवनागरी लिपीत आहे त्यामुळे एखाददुसरं अक्षर आपल्याला पण लागतं आणि काय आनंद होतो सांगू! देऊळ मुळात शिलाहार राजांच्या काळातलं, बाराव्या शतकातलं, नंतर यादवांनी दान दिलं. लोक याला सर्रास हेमाडपंती म्हणतात, पण हेमाद्री पंडित सिंघणाच्या नंतरच्या यादवांकडे होता, देऊळ त्याच्या आधी उभं होतं.

स्वर्गमंडपाचं सगळ्यांना माहीत असतं, ४८ खांब आणि वर छताला गोल उघडी जागा, बरोबर तिच्या खाली तेवढीच गोल शिळा. होमाचा धूर जावा म्हणून ठेवली असं सांगतात. पण नुसतं आभाळ बघून थांबू नका, त्या गोलाच्या कडेने नजर फिरवा, अष्टदिक्पाल म्हणजे आठ दिशांचे रक्षक देव आपापल्या वाहनांवर बसलेत, इंद्र हत्तीवर, अग्नी मेंढ्यावर, यम रेड्यावर. एक ओळखता आला की पुढचे आपोआप ओळखू येतात कारण दिशा ठरलेल्या असतात. आत सभामंडपात अंधार असतो, मोबाईलचा टॉर्च न्या आणि तिरका धरा, सरळ मारलात तर कोरीव काम सपाट दिसतं. आणि सॉक्स न्या, उन्हात आवारातली फरशी तापते, आईंना चटका बसायला नको.

लालडबा
मी थोडं वेगळं मत मांडतो, राग मानू नये. माझे आईवडील पंचाहत्तरीचे, गावाकडून येणारे, त्यांना शिल्पं बघायची नसतात, त्यांना देवाच्या पायाशी जाऊन यायचं असतं, आणि आयुष्यात परत कधी योग येईल याची खात्री नसते. अशा माणसांसाठी सात ठिकाणांची बस हीच सोय आहे. सीट ठरलेली, जेवण ठरलेलं, बरोबरीच्या वयाची माणसं, भजनं म्हणत जातात, एकमेकांच्या पिशव्या धरतात. माझी आई अशा बसमधल्या बायकांशी अजून फोनवर बोलते. त्यामुळे या टूर वाईटच असतात असं नका म्हणू, कोणासाठी आहे ते बघा. तुमच्या केसमध्ये मात्र तुम्हाला देऊळ वाचायचंय आणि आईंचे गुडघे दुखतात, तेव्हा तुम्ही कमी ठिकाणंच घ्या. एक करा, गाडीच्या पायऱ्यांची उंची विचारा, ट्रॅव्हलरला दहा वेळा चढउतार केली की गुडघे संध्याकाळी बोलायला लागतात. आणि पार्किंगपासून देवळापर्यंत किती चालायचं ते पण. अंबाबाईला गाडी दारात जात नाही.

पिंपळपान
खूप खूप आभार सगळ्यांचे. टूरवाल्यांना फोन केला, फक्त वाडी आणि खिद्रापूरची वेगळी टूर पण आहे त्यांच्याकडे, दहा-बारा माणसांची, आणि गाईड आत येतो म्हणाले. बहुतेक तीच घेईन. दोन प्रश्न राहिले. अंबाबाईचं दर्शन मग टूरमध्ये नाही, ते कधी करावं? आणि जोतिबा राहून जातोय याचं आईला वाईट वाटतंय, सकाळी पोचल्यावर दुपारून करता येईल का?

चांगभलं
जोतिबा करता येईल की! रिक्षा किंवा छोटी गाडी ठरवा, रविवार सोडून कुठल्याही दिवशी जा, रविवार जोतिबाचा वार, त्या दिवशी पाय ठेवायला जागा नसते. गाडी वर थांबते आणि मग दुकानांच्या मधून पायऱ्या उतरून देवळात जायचं, म्हणजे दर्शन घेऊन परत चढायचंय हे आईंना आधी सांगा आणि अर्ध्यात बसायला वेळ ठेवा. गुलालाची सवय नसेल तर पांढरे कपडे नकोत. वेळ उरला तर पन्हाळा जवळच आहे, २०२५ ला युनेस्कोच्या यादीत मराठ्यांचे जे १२ किल्ले गेले त्यात पन्हाळा आहे, सज्जा कोठी आणि तीन दरवाजा बघितलं तरी मन भरतं. गाडी बऱ्याच ठिकाणी आतपर्यंत जाते त्यामुळे गुडघेवाल्यांना चालतो.

अंबाबाईचं मात्र तारखा बघून ठरवा. ९, १०, ११ नोव्हेंबर म्हणजे किरणोत्सव. देवीचं तोंड पश्चिमेला, मावळत्या सूर्याची किरणं महाद्वारातून आत येतात आणि एक दिवस पायांपर्यंत, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी चेहऱ्यापर्यंत जातात. ढग किंवा धुरकं असलं तर नाही होत, शिवाय मधल्या इमारतींचा अडथळा हा कोल्हापुरातला जुना वाद आहे. त्या संध्याकाळी आत शिरायला मिळेल असं धरून चालू नका, गर्दी प्रचंड असते. तुम्ही पहाटे जा. रांग मोठी असेल तर मुखदर्शनाची वेगळी रांग असते, आईंना त्यातून न्या. आणि अंबाबाईला पण बाहेरून प्रदक्षिणा करा हो, सगळे रांगेत उभे राहून दर्शन घेतात आणि निघतात, बाहेरच्या भिंतीवर नर्तकी, वादक, सुरसुंदरी इतक्या सुंदर आहेत आणि त्यांच्याकडे कोणी बघत नाही. देवीच्या वरच्या मजल्यावर मातुलिंगाचं शिवलिंग आहे हे पण सासूबाईंना सांगा, त्यांना आवडेल.

दगडफूल
चांगभलं, बाहेरच्या भिंतीचं लिहिलंत ते फार बरं केलं. पिंपळपान, परतीची गाडी रात्रीची असेल तर शेवटच्या दिवशी टाऊन हॉल म्युझियम बघून घ्या, सोमवार सोडून. ब्रह्मपुरीच्या टेकडीवर १९४० च्या दशकात उत्खनन झालं त्यात सापडलेली पोसायडनची छोटी ब्राँझची मूर्ती म्हणजे ग्रीकांचा समुद्रदेव, पंचगंगेच्या काठी! कोल्हापूरचा व्यापार कुठवर पोचला होता ते तिच्यापाशी उभं राहिलं की कळतं. टूरवाले हे कधीच दाखवत नाहीत.

पिंपळपान
हे माहीतच नव्हतं, नक्की जाणार. अजून एक, कोपेश्वरासमोर नंदी नाही असं वाचलं, तो कर्नाटकात यडूरला आहे म्हणे. खरंय का? टूरच्या गाडीने तिकडे जाता येईल?

कृष्णाकाठ
खरंय. दक्षाच्या यज्ञाला सती गेली तेव्हा नंदीवर बसून गेली, म्हणून इथे नंदी नाही आणि यडूरला नुसता नंदी आहे असं आमच्याकडे लहानपणापासून ऐकवतात. पुढे शंकर कोपले, विष्णूने समजूत काढली, म्हणून गर्भगृहात कोपेश्वर आणि धोपेश्वर अशी दोन लिंगं शेजारी शेजारी. धोपेश्वर म्हणजे विष्णू, तो नीट बघून घ्या, पुजाऱ्यांना विचारलं की दाखवतात. यडूर नदीपलीकडे आहे, रस्त्याने वळसा पडतो, ग्रुपच्या गाडीला ते जमणार नाही आणि बाकीच्या प्रवाशांचा पण खोळंबा होईल. त्यापेक्षा टूरवाल्याला सांगा वाडीत अकराच्या आत प्रसादाची चौकशी करून ठेव आणि जेवण झाल्या झाल्या हलायचं, म्हणजे तीनपर्यंत खिद्रापूर. संध्याकाळकडे ऊन तिरकं झालं की पश्चिमेच्या भिंतीवरची शिल्पं उठून दिसतात. गावातच जैन मंदिर पण आहे जुनं, कोपेश्वरापासून चालत जाण्यासारखं, तिथे कोणी जात नाही, तुम्ही जा. पोचायच्या आदल्या दिवशी इथे लिहा, रस्त्याची काय परिस्थिती आहे ते बघून सांगतो.